नऊ माणसांच्या गाळ्यात बोलायचं कुणाशी?

कायदा दहापासून मोजायला सुरुवात करतो. दहा माणसं कामाला असतील तर लैंगिक छळाच्या तक्रारींसाठी अंतर्गत समिती हवी. वीस असतील तर तक्रार निवारण समिती. शंभर असतील तर मालक आणि कामगार यांची संयुक्त समिती नेमा, असा आदेश सरकार काढू शकतं. आता वसई पूर्वेला वालीव, सातिवली, गोखिवरे, चिंचपाडा या पट्ट्यात एक चक्कर मारा. रांगेने शटर, शटरमागे गाळा, गाळ्यात पोटमाळा आणि वरखाली मिळून सात-आठ माणसं. हजेरीपटावर पाच, ठेकेदाराची तीन, नगावर काम करणाऱ्या दोन बायका घरी. आकडा दहाच्या आत राहिलेला बरा, हे शेठला हिशेबनीसाने कधीच सांगून ठेवलेलं असतं.

अशा गाळ्यात मशीनवर जौनपूरचा ऑपरेटर असतो. पॅकिंगच्या टेबलाशी नालासोपाऱ्याहून येणाऱ्या बायका असतात, त्यातली एक मूळची राजापूरची, दुसरी दरभंग्याची. माल चढवा-उतरवायला वाडा किंवा विक्रमगडकडचा वारली मुलगा, चलन आणि बिलं बघायला आसपासच्या गावातला वाडवळ किंवा भंडारी घरातला तरुण. शेठ गुजराती असेल, मारवाडी असेल, स्थानिक ख्रिस्ती असेल, नाहीतर वीस वर्षांपूर्वी याच रस्त्यावर हेल्पर म्हणून लागलेला आणि आता स्वतःचं मशीन टाकलेला माणूस असेल. भारतातल्या एखाद्या नामांकित कंपनीने वैविध्याचा अहवाल छापायचा म्हटला, तर एवढी माणसं गोळा करायला तिला वर्षं लागतील. इथे ती एका पंख्याखाली आहेत.

मग जेवणाची सुट्टी होते आणि डबे तीन ठिकाणी उघडतात. मशीनवाले पोटमाळ्यावर, बायका टेबलाच्या आडोशाला, वारली मुलगा बाहेर टेम्पोच्या सावलीत. कुणी सुक्या बोंबलाची चटणी आणली की शेजारचा आपला डबा उचलून सरकतो. भांडण होत नाही, कुणी कुणाला टोचून बोलतही नाही. कुणी काही बोलतच नाही. ‘आमच्याकडे कसला भेदभाव नाही, सगळे घरच्यासारखे राहतात’ असं शेठ छातीठोकपणे सांगतो ते या शांततेच्या भरवशावर.

वांद्रे-कुर्ला संकुलातल्या किंवा ऐरोलीतल्या काचेच्या इमारतींमध्ये ‘डायव्हर्सिटी’ आणि ‘इन्क्लुजन’ हे शब्द आता रुळले आहेत. तिथे त्यासाठी वेगळा विभाग असतो, कार्यशाळा असतात, मार्चमध्ये महिला दिनाला गुलाब आणि जूनमध्ये इंद्रधनुषी फिती असतात. त्यातलं सगळंच थोतांड आहे असं म्हणणं अन्यायाचं होईल. पण त्या इमारतीत काम करणारी मुलगी आणि वालीवच्या गाळ्यात पॅकिंग करणारी तिची शेजारीण सकाळी एकाच रिक्षाने नालासोपारा स्टेशनला येतात आणि संध्याकाळी एकाच गर्दीत उतरतात. एकीला ‘मोकळेपणाने बोला’ म्हणून ई-मेल येतो, दुसरीला बोलली तर उद्यापासून येऊ नको असं ऐकावं लागतं. विरार लोकलच्या महिला डब्यात जेवढं कामाविषयी बोललं जातं तेवढं प्रत्यक्ष कामाच्या ठिकाणी बोललं जात नाही. कुणाचा सुपरवायझर कसा बघतो, कुणाचे ओव्हरटाइमचे पैसे अडकलेत, कुणाला आडनाव विचारून मग काम दिलं. डब्यात हे सगळं खुलेपणाने निघतं, कारण ऐकणाऱ्यांपैकी कुणाच्याच हातात बोलणारीची रोजी नसते.

खुल्या संवादाची सगळी मेख इथेच आहे. ‘बोला’ असं सांगायला काही खर्च येत नाही. बोलणाऱ्याची रोजी जाणार नाही याची हमी द्यायला खर्च येतो, आणि तो करायची तयारी नसेल तर संवादाचा आग्रह हा दुबळ्यावर आणखी एक बोजा ठरतो.

महाराष्ट्राने हा धडा फार पूर्वी, फार कडू रीतीने घेतला आहे. मुंबईच्या कापडगिरण्यांत दलित कामगार होते, पण ते कताईच्या खात्यांत. विणाईचं खातं, गिरणीच्या भाषेत साचाखातं, त्यांना बंद. मजुरी मात्र तिथे जास्त. कारण सांगितलं जाई ते असं : धोट्यात नवी कांडी घातली की सुताचं टोक धोट्याच्या छिद्रातून तोंडाने ओढून घ्यावं लागे. एकाने तोंड लावलेला धोटा पाळी बदलली की दुसऱ्याच्या तोंडाशी जाणार. सवर्ण विणकरांना हे चालत नव्हतं. लाल बावट्याखाली एकत्र मोर्चे काढणारे, एकाच चाळीच्या आवारात राहणारे, एकाच मालकाकडून नाडले जाणारे लोक एका धोट्यापाशी येऊन थबकत होते.

१९२८ मध्ये गिरण्यांचा मोठा संप झाला. एप्रिल ते ऑक्टोबर असा तो चालला आणि दीड लाखाच्या आसपास कामगार त्यात होते. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी संपाच्या पुढाऱ्यांना बजावलं, की दलितांना साचाखात्यात काम मिळण्याचा हक्क तुमच्या मागण्यांत आला पाहिजे, नाहीतर आमच्या माणसांनी या संपात राहायचं कशासाठी? पुढाऱ्यांनी काहीशा नाखुशीनेच ती मागणी यादीत घेतली. ती मालकांपुढे गेली तेव्हा मालकांनी हात झटकले. हा अडथळा आम्ही घातलेला नाही, तुमच्याच लोकांनी घातला आहे, असा त्यांचा पवित्रा होता. चीड आणणारं उत्तर, आणि तरी त्यात तथ्य होतं. मालकांना ही फूट सोयीची होती हे खरं, पण ती त्यांनी तयार केलेली नव्हती.

आज कामाच्या ठिकाणच्या समावेशाविषयी जे लिहिलं-बोललं जातं त्यात हा भाग बहुधा सुटतो. मालक विरुद्ध कामगार, व्यवस्थापन विरुद्ध कर्मचारी एवढीच रेघ ओढली जाते. पण माणसाला बाहेर ठेवण्याचं काम बरेचदा त्याच्या बाजूला उभा असलेला माणूसच करतो. डब्यापासून, पाण्याच्या माठापासून, बोलीवरून केलेल्या नकलेपासून. १९३८ च्या फेब्रुवारीत मनमाडला जी.आय.पी. रेल्वेतल्या दलित कामगारांची परिषद भरली, तिथेही आंबेडकरांनी नेमकं हेच उलगडून दाखवलं. रेल्वेत दलित माणूस गँगमन म्हणून लागतो आणि गँगमन म्हणूनच निवृत्त होतो. त्याला पोर्टरची जागासुद्धा मिळत नाही, कारण पोर्टरने स्टेशनमास्तरच्या घरचीही कामं करायची अशी रीत होती आणि त्या घरात त्याला प्रवेश नव्हता. भेदभाव नियमात नव्हता, रीतीत होता. नियम बदलायला एक परिपत्रक पुरतं. रीत बदलायची तर आधी तिच्याविषयी मोठ्याने बोलावं लागतं, आणि ते बोलायला व्यासपीठ लागतं.

व्यासपीठच बंद केलं तर काय होतं तेही याच शहराने पाहिलं. १९४६ च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्याने एका उद्योगात एकच प्रातिनिधिक संघटना मान्य केली. कापडगिरण्यांत ती होती राष्ट्रीय मिल मजदूर संघ. हजारो कामगारांचा तिच्यावरचा विश्वास उडाला तरी बोलणी करायचा अधिकार तिचाच. १८ जानेवारी १९८२ ला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली अडीच लाखांच्या आसपास गिरणी कामगार संपावर गेले, त्यामागे बोनस आणि पगारवाढ होती तशीच ही घुसमटही होती. आपल्या माणसाला चर्चेच्या टेबलाशी बसता येत नाही, ही. तो संप रीतसर कधी मागे घेतलाच गेला नाही. गिरणगाव विस्कटलं आणि त्यातली कितीतरी कुटुंबं स्वस्त घराच्या शोधात उत्तरेकडे सरकत नालासोपारा-विरारला येऊन थांबली. २०११ च्या जनगणनेत वसई-विरार महापालिकेची लोकसंख्या १२ लाखांवर गेली, त्या गर्दीत या कुटुंबांची पुढची पिढीही मोजली गेली. आजोबांच्या हातात युनियनचं कार्ड होतं. नातू वालीवच्या ठेकेदाराकडे बिनकागदाचा लागला आहे.

वसई तालुक्याचा स्वतःचाही एक इतिहास आहे आणि तो महामार्गाच्या पलीकडचा आहे. पावसाळा सरत आला की मुकादम पाड्यावर यायचा, नवरा-बायकोच्या जोडीला उचल द्यायचा आणि दिवाळीनंतर ती जोडी पोरांसकट वीटभट्टीवर. आठवड्याला खर्ची मिळे, तीही उचलीच्या हिशेबात. हिशेब मालकाच्या वहीत आणि वही वाचता येणारा कुणी नाही. हंगाम संपताना कर्ज फिटलेलं नसे, म्हणून पुढच्या हंगामाला पुन्हा तीच भट्टी. वेठबिगारी निर्मूलनाचा कायदा १९७६ चा, पण तो मुंबईपासून दोन तासांच्या अंतरावर पोचायलाही माणसं लागली. विवेक आणि विद्युल्लता पंडित यांनी १९८२ मध्ये श्रमजीवी संघटना उभी केली ती याच तालुक्यात, आणि वेठबिगार आदिवासींच्या मुक्ततेपासून. पुढे भट्टीवरच्या मुलांसाठी भोंगाशाळा निघाल्या. भोंगा म्हणजे भट्टीवरची मजुराची झोपडी. शाळेलाही तेच नाव दिलं हे बरं झालं. निदान नावापुरतं तरी मुलांना घर सोडून परक्या जागी जावं लागलं नाही.

संघटनेच्या राजकारणाशी कुणाचे मतभेद असतील, आहेतही. पण तिने एक गोष्ट दाखवून दिली. मालकासमोर एकट्याने उभं राहिलेलं माणूस बोलू शकत नाही. त्याच माणसाला तहसील कार्यालयात शंभर जणांसोबत, हातात अर्ज आणि अर्जाची पोच घेऊन उभं करा, मग ते बोलतं. पोच फार महत्त्वाची. तोंडी तक्रारीला उत्तर द्यायचं बंधन कुणावर नसतं.

आता या सगळ्यात भाषेचा प्रश्न येतो, आणि वसई-विरारमध्ये तो टाळून पुढे जाता येत नाही. कारखाने कायदा १९४८ चा. त्याने सूचनाफलक इंग्रजीत आणि बहुसंख्य कामगारांना समजेल अशा भाषेत, दर्शनी जागी लावायला सांगितलं. १९४६ च्या स्थायी आदेश कायद्यातही तशीच तरतूद होती. वाचायला सोपं वाटतं. पण आठ माणसांच्या गाळ्यात बहुसंख्यांची भाषा कोणती? मशीनवर भोजपुरी, टेबलाशी मराठी आणि मैथिली, हमालीला वारली, फोनवर गुजराती. त्यातल्या तिघांना वाचताच येत नसेल तर फलक कोणत्याही लिपीत असला तरी तो भिंतीची शोभा. शिवाय नोव्हेंबर २०२५ मध्ये लागू झालेल्या नव्या कामगार संहितांनी वीज वापरणाऱ्या कारखान्याची मर्यादाच दहा कामगारांवरून वीसवर नेली. म्हणजे फलक लावायच्या सक्तीतूनही आणखी बरेच गाळे निसटले.

गंमत म्हणजे, लोकांना समजेल अशा भाषेत दर्शनी जागी लावलेल्या सूचनेचा या भागातला सर्वात जुना नमुना सव्वादोन हजार वर्षांपूर्वीचा आहे. सोपारा हे तेव्हा मोठं बंदर होतं. १८८२ मध्ये भगवानलाल इंद्रजींना इथे सम्राट अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा सापडला, १९५६ मध्ये भुईगावला नवव्या लेखाचा. दोन्ही ब्राह्मी लिपीत, प्राकृतात. चौदा लेखांपैकी नेमके हे दोन आपल्या वाट्याला यावेत हा योगायोगच. आठव्यात राजा सांगतो, की पूर्वीचे राजे शिकारीला, मौजेला बाहेर पडत. आपण त्याऐवजी दौरे काढतो ते गावोगावच्या लोकांना भेटायला, त्यांच्याशी धर्माविषयी बोलायला आणि प्रश्नोत्तरं करायला. नवव्यात तो मंगलकार्यांच्या अवडंबराबद्दल बोलतो आणि खरं मंगल कशात आहे याची यादी देतो. त्या यादीत पहिलंच येतं ते दास आणि नोकर यांच्याशी नीट वागणं. नालासोपारा पश्चिमेला स्तूपाची जागा आजही आहे. पूर्वेच्या गाळ्यांतले किती मालक तिथे कधी गेले असतील, हा प्रश्न विचारण्यात अर्थ नाही. कामगारांना तरी जायला सुट्टी कुठे असते?

मराठीचं काय, हा पुढचा प्रश्न. जुलै २०२५ मध्ये विरारला एका परप्रांतीय रिक्षाचालकाला मराठीवरून भर रस्त्यात मारहाण झाली आणि त्याची चित्रफीत देशभर फिरली. ज्यांना ती बघून समाधान वाटलं त्यांनी एवढं सांगावं, की त्या थपडेने मराठी बोलणारा एक तरी माणूस वाढला का? महाराष्ट्रात काम करणाऱ्याला मराठी आली पाहिजे ही अपेक्षा रास्त आहे. ती मांडताना ओशाळण्याचं कारण नाही, आणि वर्षानुवर्षं इथे राहून ‘जमत नाही’ म्हणणाऱ्यांचं कौतुक करण्याचंही. पण मराठी पोचवायची जागा रस्ता नाही, गाळा आहे. मशीनवरच्या ऑपरेटरला मराठीचे दोनशे शब्द हवे असतील तर ते टेबलाशी बसलेल्या राजापूरच्या बाईकडून येतील. त्यासाठी दोघांनी एकमेकांशी बोलण्याची सोय हवी. तिला त्याची भीती वाटता कामा नये आणि त्याला तिने हसता कामा नये.

आणि मराठी म्हणजे तरी कुणाची? वसईच्या पश्चिम पट्ट्यात सामवेदी बोलणारे कुपारी आहेत, वाडवळी आहे, कोळी, आगरी आहेत. नंदाखालच्या ख्रिस्ती शेतकरी घरात जन्मलेले फादर फ्रान्सिस दिब्रिटो मराठीत लिहीत राहिले, ‘सुवार्ता’ मासिकाचे संपादक झाले, हरित वसईच्या चळवळीत लोकांना घेऊन उतरले आणि जानेवारी २०२० मध्ये उस्मानाबादच्या ९३ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले. त्यांच्या निवडीवर धर्मामुळे आक्षेप घेणारेही निघालेच. आपल्या भाषेच्या सर्वोच्च व्यासपीठावर ही वेळ येते, तर वालीवच्या गाळ्यात वारली मुलाच्या उच्चारांची नक्कल होते याचं नवल कशाला? त्याला ‘ए मामा’ म्हणून हाक मारणारे बरेचदा मराठीच असतात.

इथवर खुलेपणाची बाजू मांडली. पण सगळं बोलणं खुलंच असावं हा आग्रह धोक्याचा आहे. लैंगिक छळाची तक्रार सगळ्यांसमोर ‘बसून मिटवायची’ गोष्ट नाही. २०१३ चा कायदा हे ओळखतो. तक्रारदार बाईचं नाव आणि चौकशीचा तपशील गुप्त राखायचा. समेट फक्त तिने मागितला तरच, आणि त्यात पैशांची देवघेव करायची नाही. जिथे दहापेक्षा कमी माणसं आहेत, किंवा तक्रार खुद्द मालकाविरुद्धच आहे, तिथे जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे जायचं. कागदावर सोय चोख. प्रत्यक्षात वसई रोडहून पालघर चाळीस किलोमीटरच्या आसपास. जायचं तर एक खाडा, परत बोलावलं तर दुसरा. म्हणूनच कायद्याने तालुका आणि शहर पातळीवर तक्रार स्वीकारणारा नोडल अधिकारी नेमायला सांगितलं आहे. त्याने ती सात दिवसांत पुढे पाठवायची. गोवा विद्यापीठातल्या एका प्रकरणाच्या निमित्ताने सर्वोच्च न्यायालयाने मे २०२३ मध्ये या कायद्याच्या अंमलबजावणीतल्या त्रुटींवर बोट ठेवलं आणि डिसेंबर २०२४ मध्ये जिल्हा अधिकारी, स्थानिक समित्या आणि हे नोडल अधिकारी नेमण्याचे आदेश पुन्हा दिले. कायदा होऊन अकरा वर्षं झाल्यावर. गोखिवऱ्याच्या नाक्यावर उभ्या असलेल्या कोणत्याही कामगार बाईला या अधिकाऱ्याचं नाव आणि पत्ता विचारून पाहावा.

संवाद म्हणजे तोंडानेच बोलणं असतं असंही नाही. मुंबईत ध्रुव लाक्रा यांनी २००९ च्या सुमारास ‘मिरॅकल कुरियर्स’ सुरू केलं, त्यात पाकिटं पोचवणारे आणि ती लावणारे सगळे कर्णबधिर. पत्ता विचारायला फोन करता येत नाही, तर एसएमएस. दारात सही घेताना हातवारे. इथे माणसाला कामाच्या साच्यात बसवण्याऐवजी कामाची पद्धतच माणसांकडे बघून ठरवली गेली. वसईच्या शेठला हे भूतदयेचं वाटेल. पण मशीनच्या आवाजात ओरडून ओरडून घसा बसलेल्या सुपरवायझरला विचारा, गाळ्यात निम्मं काम आजही खुणांनीच चालतं.

मग करायचं काय? आठ माणसांच्या गाळ्यात समिती नेमा असं सांगणं हास्यास्पद आहे. आठांतले तिघे समितीवर गेले तर तक्रार कुणी कुणाविरुद्ध करायची? उपाय गाळ्याच्या पातळीवर नाही, इंडस्ट्रियल इस्टेटच्या पातळीवर आहे. एकेका इस्टेटीत शेकड्याने गाळे, त्यांची सोसायटी किंवा असोसिएशन, पाणी-वीज-कचऱ्यासाठी वर्गणी, कार्यालय, चौकीदार हे सगळं आधीच असतं. पाण्यासाठी एकत्र येता येतं तर माणसांसाठीही येता येईल. इस्टेटीची मिळून एक समिती, त्यात मालक आणि कामगार निम्मे निम्मे, निदान एक तृतीयांश बायका, ठेकेदाराकडच्या माणसांनाही जागा. बैठक कामाच्या वेळेत, त्या तासाची मजुरी न कापता. जे बोललं गेलं ते साध्या मराठीत आणि हिंदीत मोठ्याने वाचून दाखवायचं, न वाचणाऱ्यांसाठी फोनवर आवाजात पाठवायचं, आणि अर्जाला पोच द्यायची.

हे स्वप्नरंजन नाही. अनेक मालक आणि विखुरलेले कामगार यांना एका टेबलाशी आणायचं कसब महाराष्ट्राने १९६९ मध्येच दाखवलं आहे. अण्णासाहेब पाटलांच्या नेतृत्वाखाली माथाडी हमालांनी लढा दिला आणि माथाडी कायदा आला. आज या व्यापाऱ्याकडे, उद्या त्या, अशा हमालांसाठी मंडळं झाली, त्यांत मालक आणि कामगारांचे सारखेच प्रतिनिधी आणि सोबत सरकार. मजुरी मंडळात जमा होते आणि तिथून हमालाच्या हाती पडते. माथाडीच्या नावावर खंडणी उकळणाऱ्या टोळ्यांची कारखानदारांची तक्रार खोटी नाही, आणि तिचा बंदोबस्त सरकारनेच करायला हवा. पण बनावट नोटा निघतात म्हणून कुणी पैसे वापरायचं सोडत नाही.

शेठ लोकांचे आक्षेप ठरलेले आहेत. मार्जिन कुठे उरलंय? एक तास मशीन बंद म्हणजे केवढ्याला पडतं? आणि आज समिती, उद्या युनियन. पहिल्या दोन आक्षेपांना त्यांचाच अनुभव उत्तर देतो. होळीला किंवा छठपूजेला गावी गेलेला ऑपरेटर परत न आल्यामुळे आठवडाभर मशीन बंद राहिलेलं प्रत्येकाने पाहिलं आहे. तो का आला नाही हे बहुतेकांना कळलेलं नसतं, कारण जाताना त्याला कुणी विचारलेलं नसतं. तिसऱ्या आक्षेपाला सरळ उत्तर द्यावं : हो, होईल युनियन, झाली तर. संघटना करण्याचा हक्क घटनेने दिला आहे, असोसिएशन काढून बसलेल्या मालकांना तो वेगळा समजावून सांगायला नको.

महापालिकेलाही यातून अंग काढता येणार नाही. चार नगरपालिका आणि आसपासची गावं एकत्र करून ३ जुलै २००९ ला ती स्थापन झाली. स्वच्छतेपासून वाहनांपर्यंत किती कामं ठेक्यावर चालतात हे तिच्याच निविदांमध्ये दिसतं. ठेक्याच्या अटीत कामगारांच्या बैठकीची, तक्रारीच्या पोचेची आणि नोडल अधिकाऱ्याचं नाव फलकावर लावण्याची अट घालायला वेगळा कायदा लागत नाही. निविदेत दोन ओळी वाढतील.

इस्टेटीतल्या पहिल्या बैठकीत वैविध्यावर भाषणं नकोत. विषयपत्रिकेवर शौचालय असावं. कित्येक गाळ्यांत एकच शौचालय, त्याची किल्ली सुपरवायझरच्या खिशात. पॅकिंगच्या बायका सकाळपासून पाणी पीत नाहीत त्या यामुळे. दुसरा विषय पिण्याच्या पाण्याचा आणि त्याच्या ग्लासाचा. तिसरा, ठेकेदाराने पगार कोणत्या तारखेला द्यायचा आणि किती दिला हे लिहून द्यायचं की नाही. चौथा, गावी जाताना सुट्टी मागण्याची पद्धत. या चार गोष्टींवर मालक, ऑपरेटर, राजापूरची बाई आणि विक्रमगडचा मुलगा समोरासमोर तासभर बसले, तर डब्यांचा आणि बोंबलांचा विषय त्यांच्यातलाच कुणीतरी पुढच्या वेळी काढील.